डेरिक बेल यांच्या कथांमागचा कायदा

अमेरिकेतल्या वंशभेदाच्या चर्चेत डेरिक बेल (१९३०–२०११) यांचं नाव निघालं की बहुतेक वेळा ‘द स्पेस ट्रेडर्स’ या एकाच कथेचा उल्लेख होतो. परग्रहावरचे व्यापारी येतात, सोनं देऊ करतात आणि बदल्यात देशातले सगळे काळे नागरिक मागतात. एवढीच सांगितली तर कथा भडक वाटते. पण ती लिहिण्याआधी बेल यांची तीसेक वर्षं खटले लढवण्यात आणि कायदा शिकवण्यात गेली होती. कथेतली जवळपास प्रत्येक चाल त्या कामातून आली आहे.

पिट्सबर्गमध्ये वाढलेल्या बेल यांनी १९५७ मध्ये कायद्याची पदवी घेतली आणि ते केंद्रीय न्याय खात्यात लागले. एनएएसीपी या नागरी हक्क संघटनेचं सदस्यत्व सोडा, असा आग्रह खात्याने धरला तेव्हा १९५९ मध्ये त्यांनी नोकरीच सोडली. पुढे नागरी हक्कांचे नामवंत वकील थरगुड मार्शल यांनी त्यांना लीगल डिफेन्स फंड या नागरी हक्कांचे खटले लढवणाऱ्या संस्थेत घेतलं. तिथे शाळांमधला वर्णभेद मोडण्याचे सुमारे ३०० खटले त्यांच्या देखरेखीखाली चालले.

इतके खटले का लागले, हे समजून घ्यायला हवं. सर्वोच्च न्यायालयाने १७ मे १९५४ रोजी ‘ब्राउन’ निकालात वेगळ्या शाळा घटनाबाह्य ठरवल्या, पण अंमलबजावणी कशी करायची ते पुढच्या सुनावणीवर सोडलं. १९५५ च्या दुसऱ्या निकालात ठोस मुदत आलीच नाही. काम स्थानिक शाळामंडळांकडे आणि जिल्हा न्यायाधीशांकडे गेलं. त्यामुळे प्रत्येक ठिकाणी वेगळा दावा आणि वेगळे वादी उभे करावे लागले. वादींची नावं बाहेर आली की कुणाची नोकरी जायची, कुणाचं कर्ज अडायचं. दहा वर्षांनी, १९६३–६४ मध्ये, दक्षिणेतल्या ११ राज्यांत गोऱ्या मुलांसोबत शिकणारी काळी मुलं सव्वा टक्काही नव्हती.

मिसिसिपीच्या लीक काउंटीतल्या हार्मनी वस्तीचा अनुभव बेल यांना फार जवळून आला. वस्तीतल्या काळ्या कुटुंबांची शाळा मंडळाने बंद केली होती. विन्सन आणि डव्ही हडसन या बहिणींना ती पुन्हा सुरू करून हवी होती. फंड वेगळ्या शाळांसाठी लढत नाही, एकत्र शाळांसाठी दावा लावणार असाल तर मदत करू, असं बेल यांनी त्यांना सांगितलं. दावा लागला आणि जिंकलाही. पण लोकांनी मागितलं एक आणि वकिलाने मिळवून दिलं दुसरंच, ही बोच बेल यांनी पुढे अनेक ठिकाणी लिहून दाखवली. १९७६ च्या येल लॉ जर्नलमधल्या त्यांच्या लेखाचं मूळ इथेच आहे. नागरी हक्कांचा वकील दोन धन्यांची चाकरी करतो, असं त्यांनी तिथे मांडलं. एका बाजूला अशील पालक, ज्यांना चांगली शाळा हवी असते. दुसऱ्या बाजूला संघटना आणि तिचे देणगीदार, ज्यांना एकत्रीकरणाचं तत्त्व तडीस न्यायचं असतं. जुन्या सहकाऱ्यांना हा लेख झोंबला.

१९८० मध्ये हार्वर्ड लॉ रिव्ह्यूमध्ये त्यांचा सर्वाधिक उद्धृत झालेला सिद्धांत आला. त्याला आपण हितसंबंधांचा मेळ म्हणू: काळ्यांच्या हक्कांना न्यायालयात यश मिळतं ते गोऱ्यांच्या, विशेषतः सत्ताधाऱ्यांच्या, हिताशी त्यांचा मेळ बसतो तेव्हा, आणि मेळ सुटला की ते यश पातळ होतं. शीतयुद्धाच्या काळात वर्णभेदामुळे जगात अमेरिकेची नाचक्की होत होती, हे ‘ब्राउन’मागचं एक कारण त्यांनी दिलं. तेव्हा हा तर्क होता. १९८८ मध्ये मेरी डुडझिआक या इतिहासकार-विधिज्ञाने सरकारी कागदपत्रांतून त्याला भक्कम आधार दिला. न्याय खात्याने १९५२ मध्ये याच खटल्यात दिलेल्या निवेदनात सोव्हिएत प्रचाराचा मुद्दा होता.

मग कथा कशाला? १९८५ मध्ये हार्वर्ड लॉ रिव्ह्यूने सर्वोच्च न्यायालयाच्या वर्षभरातल्या निकालांच्या आढाव्याची प्रस्तावना बेल यांच्याकडे सोपवली. निकालांची चिरफाड अपेक्षित असलेल्या त्या जागी त्यांनी जिनेव्हा क्रेन्शॉ या काल्पनिक वकील स्त्रीशी संवाद लिहिले. ते १९८७ मध्ये ‘अँड वी आर नॉट सेव्हड’ या पुस्तकात विस्ताराने आले. हे तंत्र कायद्याच्या वर्गातलंच आहे. शिक्षक काल्पनिक खटला मांडतो, एक तथ्य बदलतो आणि नियम टिकतो का ते तपासतो. बेल यांनी तो प्रश्न कथेएवढा ताणला. मराठी वाचकाला हा घाट परका नाही. जोतीराव फुल्यांनी ‘गुलामगिरी’ (१८७३) धोंडिबाशी संवादाच्या रूपात लिहिली, आणि ती अर्पण केली गुलामांना मुक्त करणाऱ्या अमेरिकेतल्या लोकांना.

१९९२ च्या ‘फेसेस अॅट द बॉटम ऑफ द वेल’मध्ये एक कल्पित कायदा आहे, आणि माझ्या मते ‘स्पेस ट्रेडर्स’पेक्षा तोच बेल यांची पद्धत जास्त नेमकी दाखवतो. या कायद्यानुसार मालकाला वंशावरून भेद करायची मुभा मिळते, पण परवाना घेऊन आणि तो दर्शनी भागात लावून. गोऱ्या नोकरांपासून आणि गिऱ्हाइकांपासून झालेल्या उत्पन्नाच्या ३ टक्के रक्कम समता निधीत भरायची. त्यातून काळ्यांच्या धंद्यांना आधार, बिनव्याजी गृहकर्ज आणि शिष्यवृत्त्या. परवाना नसताना भेद केला तर प्रत्येक प्रसंगामागे १०,००० डॉलर भरपाई. भेदभावाला मोकळीक देणारा म्हणून कायदा संताप आणतो. पण प्रत्यक्षातल्या कायद्यात बऱ्याच दाव्यांत फिर्यादीला हेतू सिद्ध करावा लागतो, तो बहुधा होत नाही, आणि भेद फुकटात चालतो. बेल यांना वाचकाला नेमक्या याच तुलनेपाशी आणायचं होतं.

‘स्पेस ट्रेडर्स’मध्येही कायद्याची यंत्रणा नीट पाहावी. देशासाठी नागरिकांना सक्तीने पाठवता येतं, याला सक्तीच्या लष्करभरतीचा दाखला पुढे येतो, घटनादुरुस्ती मांडली जाते, न्यायालय अडवायला नकार देतं आणि सार्वमत ७०–३० ने ठराव मंजूर करतं. एकही नियम मोडला जात नाही. गोलाईटली हा काळा प्राध्यापक सुचवतो की ही देवाणघेवाण काळ्यांसाठी मोठी सवलत आहे असं भासवा, म्हणजे गोरे स्वतःच ती हाणून पाडतील. हितसंबंधांचा सिद्धांत इथे उलटा फिरवून वापरला आहे, आणि काळे नेते तो मार्ग नाकारतात.

वंशभेद अमेरिकेत कायमचा आहे, या बेल यांच्या विधानावर टीका झाली, कथांना पुरावा कसं मानायचं यावरही. १९९३ मध्ये डॅनियल फार्बर आणि सुझॅना शेरी यांनी विचारलं की कथा प्रातिनिधिक आहे हे कोण ठरवणार. प्रश्न रास्त आहे. मात्र बेल यांच्या कथा घडलेलं सांगत नाहीत. नियमाला ताण दिला तर तो कुठे तुटतो, एवढंच त्या दाखवतात, आणि त्यांची परीक्षा त्याच कसोटीवर व्हायला हवी.

वाचायचं तर आधी १९८० चा लेख, मग परवान्याची कथा, मग ‘स्पेस ट्रेडर्स’, असा क्रम घ्यावा. शेवटी २००४ चं ‘सायलेंट कव्हनंट्स’. त्यात बेल यांनी ‘ब्राउन’चा पर्यायी निकाल लिहिला आहे: वेगळ्या शाळा तूर्त राहू द्या, पण पैसा आणि सोयी खरोखर समान करा, शाळामंडळांत काळ्या पालकांना प्रतिनिधित्व द्या आणि अंमलबजावणीवर न्यायालयाने नेमलेल्या समित्यांची देखरेख ठेवा.