ग्रोथेंडिक यांचा लासेर येथील एकांतवास

बैजिक भूमितीची (समीकरणांच्या मदतीने आकारांचा अभ्यास करणाऱ्या शाखेची) पायापासून फेरमांडणी करणारे गणितज्ञ अलेक्झांडर ग्रोथेंडिक (२८ मार्च १९२८ – १३ नोव्हेंबर २०१४) ऑगस्ट १९९१ मध्ये कुणाला फारसे न सांगता निघून गेले. फ्रान्समध्ये पिरेनीज पर्वताच्या पायथ्याशी, आरिएज विभागातल्या लासेर या खेड्यात ते अखेरची तेवीस वर्षे राहिले. पत्ता मोजक्याच लोकांना ठाऊक होता.

एकेकाळी त्यांचे काम माणसांच्या गराड्यात चाले. पॅरिसजवळच्या संशोधन संस्थेत ते चर्चासत्रात कल्पना मांडत, शिष्य टिपणे काढून त्या तपासत, ग्रंथलेखनाला गणितज्ञ जाँ द्यूदॉने सोबत असत. मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेच्या १९६८ मधील परिसंवादाच्या ग्रंथातही त्यांचा गाजलेला निबंध आहे. पॅरिसजवळच्या त्या संस्थेला लष्कराकडून पैसा मिळतो म्हणून १९७० मध्ये त्यांनी ती सोडली. पुढे दक्षिण फ्रान्समधील मोंपेलिए येथे अध्यापन केले. १९८८ मध्ये निवृत्त झाले आणि त्याच वर्षी स्वीडनचे मानाचे क्राफोर्ड पारितोषिक नाकारले.

पुढे त्यांचे विचार भरकटले, पण त्याचे सगळे खापर लासेरच्या एकांतावर फोडता येत नाही. जानेवारी १९९० मध्येच त्यांनी सुमारे २५० जणांना पत्र पाठवून १४ ऑक्टोबर १९९६ रोजी नवे युग सुरू होईल असे कळवले आणि काही महिन्यांत ते मागे घेतले. त्याच वर्षीच्या ४५ दिवसांच्या उपवासात ते मरता मरता वाचले.

लासेरला लेखणी थांबली नाही, उलट हजारो पाने लिहून झाली. विषय मात्र सैतान आणि जगातले पाप. प्रकाशाचा वेग सेकंदाला नेमका ३,००,००० किलोमीटर न भरता थोडा कमी भरतो, ही त्यांना सैतानाची करामत वाटे. डँडेलियन या रानवनस्पतीच्या पाल्याच्या सूपवरच जगू पाहणाऱ्या या म्हाताऱ्याला गावकऱ्यांनी इतर अन्न पुरवले. १९९० च्या दशकाच्या मध्यास शोध घेत आलेल्या दोन गणितज्ञांना त्यांनी विचारले, ‘मीटर म्हणजे काय?’ प्रश्न खास त्यांच्या धाटणीचा, मुळापाशी जाणारा; वेगाचा आकडा शेवटी मीटर कशाला म्हणायचे यावरच ठरतो. विचाराची पद्धत शाबूत होती. ‘ही पायरी कुठून आली?’ असे अडवणारे मात्र भोवती कुणी उरले नव्हते.

जानेवारी २०१० मध्ये जुने शिष्य ल्यूक इल्यूझी यांना पत्र लिहून त्यांनी आपले लेखन छापू नये, ग्रंथालयांतूनही काढावे असे बजावले. जवळच्या सें-जिरों गावच्या रुग्णालयात ग्रोथेंडिक यांचे निधन झाले. २०१७ मध्ये मोंपेलिए विद्यापीठाने त्यांची सुमारे १८,००० पाने इंटरनेटवर खुली केली. ती १९९१ पूर्वीची आहेत.