हात आखडता घेणारा डॉक्टर

फुफ्फुसाला आतून दुखत नाही. कळ येते ती छातीच्या आतल्या अस्तरातून. तीसेक कोटी वायुकोशांना ती सोयच नाही. शिवाय राखीव साठा इतका मोठा, की एक अख्खं फुफ्फुस शस्त्रक्रियेनं काढलं तरी अनेकांची रोजची कामं निभून जातात. त्यामुळे छातीरोगतज्ज्ञाकडे माणूस येतो तो बहुतेकदा उशिराच. जिना चढताना दम लागतो म्हणून तो जिना टाळू लागतो, मग फिरणं कमी होतं आणि सगळं वयावर ढकललं जातं. एके रात्री धाप थांबतच नाही. तातडीच्या विभागात आणलं जातं तेव्हा फुफ्फुसांची निम्मी ताकद गेलेली असते.

निदान अनेकदा सोपं असतं. स्पायरोमेट्रीच्या, म्हणजे फुंकून फुफ्फुसांची ताकद मोजण्याच्या, खोलीबाहेर उभं राहिलं, की आतून तंत्रज्ञाचा आरडाओरडा ऐकू येतो : "फुंका, फुंका, अजून फुंका, सोडू नका!" पहिल्या सेकंदात किती हवा बाहेर पडली, त्याला एकूण हवेनं भागायचं. नळ्या रुंदावणारं औषध देऊनही उत्तर 0.7 च्या खाली राहिलं, तर वाटेत पक्का अडथळा आहे; बहुतेकदा सीओपीडी, म्हणजे श्वासनळ्या कायमच्या अरुंद करणारा दीर्घकालीन आजार. लंडनच्या जॉन हचिन्सन यांनी 1846 मध्ये आपल्या यंत्राची मोजमापं मांडली, त्याचीच ही वंशज.

कसोटी लागते ती उपचारात. ओठ निळे पडलेला माणूस समोर आला, की कुणाचाही हात ऑक्सिजनच्या नॉबकडे जातो. सीओपीडीच्या रुग्णात तोच हात आवरावा लागतो. फुफ्फुसाची एक अंगभूत हुशारी आहे : ज्या भागात हवा नीट पोचत नाही, तिथल्या रक्तवाहिन्या आपणहून आकसतात आणि रक्त चांगल्या भागाकडे वळतं. भरमसाट ऑक्सिजन मिळाला, की या वाहिन्या सैलावतात. रक्त पुन्हा त्या नादुरुस्त भागात शिरतं आणि तिथे हवेची ये-जा नसल्यानं कार्बन डायऑक्साइड बाहेर पडत नाही. त्यातच ऑक्सिजनने भरलेलं हिमोग्लोबिन आपल्याकडचा कार्बन डायऑक्साइड सोडून देतं. रुग्ण गुंगीत जातो. रक्तातला ऑक्सिजन मोजणाऱ्या बोटाच्या चिमट्यावर आकडा मात्र 99, त्यामुळे नातेवाइकांना वाटतं, चला, झोप लागली एकदाची.

म्हणून अशा रुग्णांत लक्ष्य ठेवतात ते 88 ते 92 टक्क्यांचं. टास्मानियातल्या रुग्णवाहिकांमध्ये झालेली एक चाचणी 2010 मध्ये प्रसिद्ध झाली. मोजूनमापून ऑक्सिजन दिलेल्या गटातलं मृत्यूचं प्रमाण, सरसकट जोराचा ऑक्सिजन दिलेल्या गटाच्या निम्म्याहूनही कमी निघालं. (जास्त ऑक्सिजनने श्वास घेण्याची प्रेरणाच मरते, हे जुनं स्पष्टीकरण अजून वॉर्डात ऐकू येतं. ते खोटं नाही, पण अपुरं आहे.) तरी नव्या रेसिडेंटला 90 हा आकडा बघवत नाही. रात्रपाळीत तो हळूच नॉब वाढवतो, सकाळच्या राउंडला वरिष्ठ तो पुन्हा खाली आणतात. पूर्ण तज्ज्ञ व्हायला देशागणिक आठ-नऊपासून चौदा-पंधरा वर्षं लागतात, आणि त्यातला बराच काळ अशा नॉबच्या खेचाखेचीत जातो.

व्हेंटिलेटरनं हाच धडा जास्त कठोरपणे दिला. 1952 मध्ये कोपनहेगनमधल्या पोलिओच्या साथीत भूलतज्ज्ञ ब्योर्न इब्सेन यांनी रुग्णांच्या गळ्यातून श्वासनलिकेत नळी घातली आणि वैद्यकीय विद्यार्थ्यांना पाळीपाळीनं रबरी पिशवी दाबायला बसवलं. आजच्या आयसीयूचा जन्म तिथला. पुढे यंत्रं आली आणि रक्ताचे रिपोर्ट सुरेख यावेत म्हणून मोठमोठे श्वास देण्याची रीत पडली. पण एआरडीएस या फुफ्फुसांच्या अचानक बळावणाऱ्या गंभीर आजारात फुफ्फुसाचा बराचसा भाग द्रवानं भरलेला असतो, श्वासाला शिल्लक उरतो एक लहानसा तुकडा. मोठ्या माणसाचा श्वास त्या तुकड्यात कोंबला तर तो ताणून जखमी होतो. 2000 साली प्रसिद्ध झालेल्या अमेरिकी चाचणीत दर किलो वजनामागे 12 मिलिलिटर आणि 6 मिलिलिटर अशा श्वासांची तुलना झाली (वजन उंचीवरून काढलेलं). मोठे श्वास मिळालेल्यांपैकी 39.8 टक्के दगावले, लहान श्वास मिळालेल्यांपैकी 31 टक्के. गंमत म्हणजे सुरुवातीच्या दिवसांत रक्तातला ऑक्सिजन मोठ्या श्वासवाल्यांचाच चांगला दिसत होता! या शास्त्रातली इतकी बोलकी आकडेवारी मला तरी दुसरी माहीत नाही.

छातीत साचलेलं पाणी काढतानाही तेच. बाटली भराभर भरताना बघून रुग्णाला हायसं वाटतं, पण एका वेळी साधारण दीड लिटरला थांबतात. दबलेलं फुफ्फुस झटकन उलगडलं तर त्याच्याच आत पाणी झिरपू शकतं.

ही शाखा पूर्वी अशी हात राखून वागणारी नव्हती. क्षयावर औषध नव्हतं त्या काळात सॅनेटोरियममधले, म्हणजे क्षयरुग्णांच्या निवासी रुग्णालयातले, डॉक्टर छातीत हवा भरून फुफ्फुस मुद्दाम मिटवत, त्याला 'विश्रांती' मिळावी म्हणून; कधी बरगड्याही काढल्या जात. 1943 मध्ये स्ट्रेप्टोमायसिन सापडलं, जोडीला आणखी औषधं आली आणि पुढच्या काही दशकांत सॅनेटोरियमं ओस पडली. क्षयाचे हे डॉक्टर मग दमा, कर्करोग आणि आयसीयूकडे वळले.

त्यांच्या हातात ब्रॉन्कोस्कोप, म्हणजे श्वासनळ्या आतून बघायची दुर्बीणही आली. 1897 मध्ये गुस्ताव किलियान यांनी एका शेतकऱ्याच्या श्वासमार्गात अडकलेलं हाड सरळसोट नळीतून काढलं होतं. 1960 च्या दशकात जपानच्या शिगेतो इकेदा यांनी लवचीक दुर्बीण आणली. आज पाच-सहा मिलिमीटरची ही नळी स्वरतंतूंमधून खाली उतरते. पडद्यावर कूर्चेच्या कमानी एकामागून एक सरकतात आणि मग दोन वाटांमधली धारदार कड येते. ती बोथट, रुंद दिसली तर खालच्या गाठी सुजल्या असाव्यात, ही शंका तिथेच येते. उजवी वाट जास्त सरळ, त्यामुळे घशातून चुकून खाली गेलेली वस्तू बहुधा तिकडेच सापडते.

सर्वांत अवघड नकार मात्र ओपीडीत द्यावा लागतो. रक्तातला ऑक्सिजन फारच कमी असेल, तर घरी दिवसाला 15 तास किंवा जास्त ऑक्सिजन घेतल्यानं सीओपीडीचे रुग्ण अधिक जगतात, हे 1980 आणि 1981 च्या चाचण्यांनी दाखवलं. कमतरता मध्यम असेल तर मात्र तसा फायदा होत नाही, हे 2016 च्या चाचणीत दिसलं. म्हणजे सिलिंडर हवाच म्हणून हटून बसलेल्या रुग्णाला डॉक्टरनं सांगायचं की तुम्हाला त्याची गरज नाही. त्यापेक्षा धूम्रपान सोडा, इनहेलर नीट ओढायला शिका आणि रोज चाला, दम लागला तरी. चिठ्ठी लिहायला एक मिनिट पुरतं, हे पटवायला अर्धा तास जातो आणि बाहेर रांग वाढत असते.