अपील म्हणजे स्टे नव्हे

"सरकारनं अपील टाकलं, आता वाढीव मावेजा विसरा," हे कोर्टानं जमिनीचा मावेजा (मोबदला) वाढवून दिलेल्या धरणग्रस्तांना पैठणपासून माजलगावपर्यंत ऐकवलं जातं. ते चूक आहे. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 41, नियम 5 नुसार नुसत्या अपिलानं हुकूमनाम्याला (कोर्टाच्या निकालाच्या आदेशाला) स्थगिती मिळत नाही. ती वेगळी मागावी लागते.

स्थगिती नसेल आणि तीन महिने पैसे थकले (त्याच संहितेचं कलम 82), तर दरखास्त, म्हणजे हुकूमनाम्याच्या वसुलीचा अर्ज, पुढे सरकते. मग बेलिफ, म्हणजे कोर्टाचा जप्ती करणारा कर्मचारी, थेट सरकारी कचेरीत. खुर्च्या, संगणक, कधी साहेबांची गाडीसुद्धा जप्तीच्या यादीत चढते. 'वरून निधी आला नाही' ही सबब तिथं फारशी चालत नाही. शिवाय 1894 च्या जुन्या भूसंपादन कायद्याखालच्या वाढीव रकमेवर पहिल्या वर्षी 9, पुढे 15 टक्के व्याज. भरतो कोण, तर आपणच, करदाते! कोर्टाचा आदेश पाळला नाही म्हणून अवमान याचिका करायची असेल, तर तिला मात्र एका वर्षाची मुदत आहे.