'सेरेलेम'मधली सासू : लिली दार्वाशची पार्श्वभूमी

कारोय माक्क या हंगेरियन दिग्दर्शकाच्या 'सेरेलेम' म्हणजे 'प्रेम' (1971) या कृष्णधवल चित्रपटात अंथरुणाला खिळलेली एक सासू आहे. मुलगा राजकीय कैदी म्हणून तुरुंगात पडलाय. सून मात्र तिला सांगते, तो अमेरिकेत सिनेमा काढतोय. त्याच्या नावानं पत्रं सूनच लिहिते आणि त्यात बिनदिक्कत थापा ठोकते. सासूला सगळं खरं वाटतं की तीही सुनेचं मन राखत असते, याचा शेवटपर्यंत नीट पत्ता लागत नाही. ही सासू साकारणारी लिली दार्वाश हंगेरीबाहेरच्या प्रेक्षकांना तिथली कुणी जुनी चरित्र अभिनेत्री वाटली असेल, तर त्यात नवल नाही. प्रत्यक्षात तिला या भूमिकेसाठी न्यूयॉर्कहून बुडापेस्टला बोलावलं होतं.

दार्वाशचा जन्म 1902 सालचा, बुडापेस्टचा. 1921 मध्ये ती ज्युलिएट म्हणून रंगमंचावर आली आणि थोड्याच वर्षांत नाव झालं. 1926 मध्ये दोन गोष्टी घडल्या. तिनं नाटककार फेरेन्त्स मोल्नारशी लग्न केलं. तो तिच्याहून चोवीस वर्षांनी मोठा, आणि ही त्याची तिसरी बायको. त्याच वर्षी ती ऑस्ट्रियन नाट्यदिग्दर्शक माक्स राइनहार्टच्या नाटकमंडळीत दाखल झाली. राइनहार्टकडे काम म्हणजे व्हिएन्ना, बर्लिन, साल्झबर्ग, आणि सगळं जर्मनमध्ये. तिनं ती भाषा आत्मसात केली आणि त्या काळच्या युरोपातल्या सगळ्यात मानाच्या रंगभूमीवर नायिका झाली. सिनेमा तेव्हा तिच्या लेखी दुय्यमच होता.

1938 मध्ये हिटलरनं ऑस्ट्रिया गिळला. दार्वाश ज्यू घरातली. तिथं थांबण्याचा प्रश्नच नव्हता. ती अमेरिकेला गेली, मोल्नारही पुढे न्यूयॉर्कला पोचला. दोघं एका छपराखाली राहत नव्हते, पण 1952 मध्ये तो जाईपर्यंत लग्न टिकून होतं. आता तिसरी भाषा, आणि वय पस्तिशीपुढचं. माझ्या मते तिच्या चित्रपट कारकिर्दीचा सगळा घाट इथे ठरला. रंगभूमीनं तिला निदान भूमिका दिल्या: 1945 मध्ये मॉरिस इव्हान्सच्या 'हॅम्लेट'मध्ये ती राणी गर्ट्रूड होती. 1948 च्या 'ब्राव्हो!'मध्ये परागंदा हंगेरियन नाटककाराच्या आयुष्यातली नटी तिच्या वाट्याला आली. हे मोल्नारवरच बेतलेलं पात्र असल्याचं उघड गुपित होतं. नाटक मात्र लवकर बंद पडलं.

हॉलिवूडचा हिशोब याहून सोपा होता. युरोपीय हेल असलेली प्रौढ बाई म्हणजे सोबतीण, आई, नाही तर आजी. 1956 च्या 'मीट मी इन लास व्हेगास' या संगीतपटात तिच्या पात्राचं नावच सारी हातवानी. हंगेरियनपणा नावातूनच उरकला. 1960 च्या 'सिमारॉन'मध्येही अशीच एक छोटी भूमिका. या काळातलं तिचं मला सगळ्यात लक्षात राहिलेलं काम टीव्हीवरचं आहे. 'ट्वायलाइट झोन' मालिकेच्या 1961 मधल्या एका भागात ती नातवाला वाढदिवसाला खेळण्यातला टेलिफोन देते आणि मरते. मग पोरगं त्या फोनवर आजीशी बोलत राहतं. गोष्ट भुताची, पण सुरुवातीच्या दोन-चार मिनिटांत ती नातवावर जो हक्क गाजवते, तोच भुतापेक्षा जास्त भिववतो. लाडातला स्वार्थ इतका उघडा करून दाखवणं सोपं नाही.

इकडे हंगेरीत वेगळीच गोष्ट शिजत होती. 1956 मध्ये तिथल्या सोव्हिएत-धार्जिण्या कम्युनिस्ट राजवटीविरुद्ध झालेल्या उठावानंतर लेखक तिबोर देरीला नऊ वर्षांची शिक्षा झाली; 1960 मध्ये तो सुटला. तो आत असताना त्याच्या वृद्ध आईपासून ही बातमी लपवून ठेवली होती. 'सेरेलेम' त्याच्याच दोन कथांवर उभा आहे. माक्कची संहिता सरकारदरबारी काही वर्षं अडकली होती. मुलाचं काम करणारा इवान दार्वाश स्वतः उठावानंतर तुरुंगात गेलेला. (लिलीचा तो कुणी नातलग नव्हे, आडनाव तेवढं सारखं.) सुनेच्या भूमिकेत मारी त्योरोचिक, तिच्या चेहऱ्यावरची चीड, थकवा आणि माया या सासूसमोर खुलतात.

अशा चित्रपटात सासू कुठल्याही थोर बुडापेस्टकर नटीला देता आली असती. पण ती बाई जुन्या ऑस्ट्रिया-हंगेरी साम्राज्याच्या काळातली आहे, जर्मन तिच्या तोंडात सहज येतं, खोलीबाहेर कुठलं राज्य आलंय याच्याशी तिला देणंघेणं नाही. दार्वाशला यातलं काही ओढूनताणून आणावं लागलं नाही. छायाचित्रकार यानोश तोतचा कॅमेरा तिच्या सुरकुत्या, हात, उशीवर कललेलं डोकं न्याहाळतो आणि मध्येच क्षणभर जुन्या आठवणींचे तुकडे चमकवून जातो. अमेरिकेत जिचा परकेपणा दोन वाक्यांत वापरून टाकला जाई, तिच्यावर इथे निम्म्याहून जास्त चित्रपट तोललाय. तेव्हा ती 68 वर्षांची होती, पात्र त्याहून बरंच म्हातारं.

1971 च्या कान महोत्सवात 'सेरेलेम'ला ज्युरी पारितोषिक मिळालं. त्याच सुमारास ब्रॉडवेवर लोरेन हॅन्सबेरीच्या 'ले ब्लाँ'मध्ये दार्वाश आफ्रिकेतल्या मिशनऱ्याच्या अंध पत्नीचं काम करून गेली होती आणि त्यासाठी तिला टोनी या अमेरिकी नाट्यपुरस्काराचं नामांकन होतं. जुलै 1974 मध्ये न्यूयॉर्कमध्येच ती गेली.