ध्वनिशोध

टंकलेखन न करता, बोलून विचारलेल्या प्रश्नाचे यंत्राद्वारे लेखी शब्दांत रूपांतर करून माहितीजालात शोध घेण्याची पद्धत. व्यवहारात ‘व्हॉइस सर्च’ हेच नाव रूढ आहे. ध्वनिपरिचय हा तिचा पाया. पण त्याचे काम बोललेले उतरवून घेण्यापुरते असते, ध्वनिशोधाला बोलणाऱ्याचा हेतूही ओळखावा लागतो.

उगम : बेल प्रयोगशाळेचे ‘ऑड्री’ यंत्र (१९५२) तोंडी अंक ओळखत असे, तर आयबीएमचे ‘शूबॉक्स’ (१९६२) सोळा शब्द. हा ध्वनिपरिचयाचा पूर्वेतिहास झाला. ध्वनिशोधाचा आरंभ कोठे मानावा, याविषयी एकमत नाही. काहीजण तो १९९९ मध्ये स्थापन झालेल्या ‘टेलमी’ कंपनीच्या दूरध्वनी सेवेपर्यंत नेतात. परंतु तेथे ठरावीक विषयांची माहिती मिळे, माहितीजालाचा खुला शोध नव्हता. गूगलने २००२ च्या सुमारास एक प्रात्यक्षिक मांडले होते : दूरध्वनी करून प्रश्न बोलायचा आणि उत्तर संगणकाच्या पडद्यावर पाहायचे. कल्पनेचा मान याला देणे सयुक्तिक वाटते. लोकप्रिय लेखनात मात्र नोव्हेंबर २००८ मधील आयफोनवरील सुविधेपासूनच सुरुवात केली जाते. अर्थकारणाच्या दृष्टीने त्याहून महत्त्वाची ठरते २००७ ते २०१० या काळात अमेरिकेत चाललेली ‘गूग-४११’ ही मोफत चौकशी सेवा. ग्राहक आधी शहर व राज्य, मग दुकानाचे नाव बोले. अशा चौकशीला तेथील दूरध्वनी कंपन्या पैसे आकारत असताना ही फुकट का, याचे उत्तर कंपनीच्या तत्कालीन अधिकारी मरिसा मेयर यांनी २००७ मध्येच दिले होते : ध्वनिपरिचयाच्या प्रतिमानासाठी, म्हणजे उच्चार ओळखणाऱ्या गणिती नमुन्यासाठी, लोकांचे उच्चार हवे होते.

तंत्र : ध्वनी साधारणपणे सेकंदाला १६,००० वेळा मोजला जातो. त्याचे सुमारे २५ मिलिसेकंदांचे, एकमेकांवर चढलेले तुकडे पाडून प्रत्येकातील कंप्रतांचे (फ्रिक्वेन्सींचे) वितरण काढतात. त्यावरून उच्चार ओळखण्यासाठी पूर्वी ‘हिडन मार्कोव्ह’ ही संभाव्यतेवर आधारलेली प्रतिमाने वापरत. २०१० नंतर त्यांतील ध्वनी ओळखणाऱ्या गणिताची जागा खोल न्यूरल जालांनी, म्हणजे उदाहरणांवरून शिकणाऱ्या अनेक थरांच्या गणिती रचनांनी, घेतली आणि पुढे ध्वनीपासून अक्षरापर्यंत एकच जाल वापरण्याकडे कल झाला.

मराठीची अडचण दुहेरी आहे. ‘चार वाजले’ आणि ‘गुरे चार’ यांतील च वेगळे, लिपीत एकच. उलट ‘दिन’ व ‘दीन’ लिहिताना वेगळे, पण बोलताना बहुधा सारखे. तेथे संदर्भावरूनच निवड करावी लागते. त्यात ‘नाशिकची येष्टी कितीला’ असे कोणी विचारले, तर यंत्राने ‘एसटी’ ओळखायची, शिवाय ‘कितीला’ म्हणजे वेळ की भाडे हेही ठरवायचे. गूगलच्या ध्वनिशोधात मराठीचा समावेश ऑगस्ट २०१७ मध्ये, इतर काही भारतीय भाषांबरोबर झाला.

अर्थकारण : बोललेला प्रश्न टंकलेल्या प्रश्नापेक्षा महाग पडतो, कारण शोधाआधीच मोठे गणित करावे लागते. लोकांनी रोज तीन मिनिटे ध्वनिशोध वापरला, तर विदाकेंद्रे (डेटा सेंटर) दुप्पट करावी लागतील, असा अंदाज गूगलच्या अभियंत्यांनी २०१३ मध्ये केला होता. न्यूरल जालांसाठी खास ‘टीपीयू’ चिप बनवण्यामागे हा हिशेब होता. ती २०१५ पासून वापरात आली.

खर्च वाढतो, उत्पन्न त्या मानाने नाही. पडद्यावर उत्तरांच्या रांगेत जाहिराती बसतात. आवाजावर चालणारा स्पीकर एकच उत्तर बोलतो, त्यात जाहिरात घातली की ऐकणारा वैतागतो. ॲमेझॉनच्या उपकरण विभागाला २०१७ ते २०२१ या काळात सुमारे २,५०० कोटी डॉलर तोटा झाल्याचे वृत्त ‘वॉल स्ट्रीट जर्नल’ने २०२४ मध्ये दिले, बोलून वापरायची ‘अलेक्सा’ ही साहाय्यक प्रणाली याच विभागाची. ‘२०२० पर्यंत निम्मे शोध आवाजाने होतील’ हे जाहिरात व्यवसायातील आवडते वाक्य बहुधा कॉमस्कोर या संस्थेच्या नावे दिले जाते. त्याचे मूळ कृत्रिम बुद्धिमत्तेचे संशोधक अँड्र्यू इंग यांच्या २०१४ मधील मुलाखतीत असावे. तेथे आवाज व चित्रे मिळून निम्मे, असे विधान होते.

भारतात ध्वनिसामग्रीचा, म्हणजे यंत्राला शिकवण्यासाठी लागणाऱ्या ध्वनिमुद्रणांचा, खर्च काही अंशी सार्वजनिक प्रकल्पांनी उचलला आहे. केंद्र शासनाचा ‘भाषिणी’ हा भारतीय भाषांच्या तंत्रज्ञानाचा प्रकल्प २०२२ मध्ये सुरू झाला. आयआयटी मद्रासमधील ‘एआय फॉर भारत’ गट मराठीसह अनेक भाषांची ध्वनिमुद्रणे खुली करतो.