गहू परका, पात घरची

साट्याच्या करंज्या ज्यांच्या हाताला बसल्या आहेत, त्यांना चिनी कांदापातीची पोळी शिकवायला फारसं काही उरत नाही. लाटलेल्या पोळीवर तेल-मैद्याचा साटा, वर मीठ आणि चिरलेली पात. मग गुंडाळी करून तिचा गोगलगायीसारखा वेटोळा, पुन्हा लाटणं आणि तवा. चिनी नाव 'त्सोंग योऊ बिंग'. त्सोंग म्हणजे पात, योऊ म्हणजे तेल. बिंगची गोष्ट मात्र लांबची आहे.

आज बिंग म्हटलं की चपटं, गोल काहीतरी डोळ्यांपुढे येतं. पूर्वी गव्हाच्या पिठाचं जे जे होईल ते सगळं बिंगच, अगदी रश्शातल्या शेवयासुद्धा. गहू तिथला नव्हे. तो पश्चिम आशियातून सुमारे 4,500 वर्षांपूर्वी चीनमध्ये पोचला आणि बराच काळ राळा-भातासारखा अख्खाच शिजवला गेला. हान राजवटीत (इ.स.पू. 206 ते इ.स. 220) दळणाची फिरती दगडी जाती पसरली, तेव्हा कुठे पिठाचे दिवस आले. इ.स. 168 ते 189 या काळात राज्य करणाऱ्या लिंग सम्राटाला पश्चिमेकडच्या लोकांचं 'हू बिंग' फार आवडे. सहाव्या शतकात जिया सश्ये नावाच्या लेखकाने लिहिलेल्या 'छी मिन याव शू' या शेतीविषयक ग्रंथात मटण आणि पातीचा पांढरा भाग घातलेल्या भाजक्या बिंगची कृती आहे. परका गहू आणि चीनची स्वतःची पात यांची जोडी इतकी जुनी! मार्को पोलोने हीच पोळी इटलीत नेली आणि तिचा पिझ्झा झाला, ही नुसती दंतकथा.

गरम पाण्यात मैदा मळण्याची पद्धत उत्तरेकडची. आपल्या उकडीत गरम पाणी तांदळाच्या पिठाला चिकटपणा देतं, इथे ते मैद्याचा ताठा मोडतं. पोळी लाटताना आखडत नाही, गार झाल्यावरही मऊ राहते. शांघायमध्ये ती जाड, छोटी, डुकराच्या चरबीने खुसखुशीत. तव्यावर तळून झाल्यावर तिथे ती पिंपासारख्या भट्टीत भाजतात.

तैवान तर भात खाणारा मुलूख. 1949 नंतर चीनमधून लाखो सैनिक आणि निर्वासित तिथे उतरले, सैनिकी वसाहती उभ्या राहिल्या, आणि त्यांच्याबरोबर उत्तरेचं खाणंही आलं. 1951 ते 1965 या काळात अमेरिकी मदतीतून गहू आणि मैदा येत राहिला. पुढे तांदूळ निर्यातीसाठी वाचावा म्हणून सरकारनेही लोकांना गव्हाचे पदार्थ खायचा आग्रह केला. त्यात इलान भागातल्या सानशिंगची लुसलुशीत पात. आज परदेशांतल्या दुकानांत गोठवलेल्या पोळ्यांची पाकिटं मिळतात, त्यांतली कितीतरी तैवानच्याच धर्तीची.

घरी करताना चरबीऐवजी तेलच घ्यावं. साजूक तूप घातलं की वास पराठ्याचा येतो. तोही छान, पण मग तो पराठाच. चिनी पातीला गड्डा धरत नाही. आपल्या बाजारातली पात बहुधा कोवळ्या कांद्याचीच असते, म्हणून हिरवा भाग तेवढा चिरायचा, धुतल्यावर फडक्यावर कोरडा करून. ओली पात आत गेली की लाटताना पदर फाटतात आणि साटा पोळपाटावर येतो.