सतरा मात्रा, सतरा अक्षरे: इंग्रजी हायकू आणि सेन्र्यूची पार्श्वभूमी

‘हायकू’ हा शब्द जपानी माणूस हा-इ-कु असा तीन तुकड्यांत मोजतो. इंग्रजी बोलणारा तोच शब्द दोन अक्षरांत उच्चारून मोकळा होतो. ‘तोक्यो’ या नावात जपानी कानाला चार एकके ऐकू येतात, कारण त्यातले दोन्ही स्वर दीर्घ आहेत; ‘निप्पोन’मध्येही चारच, कारण द्वित्तातला पहिला ‘प्’ आणि शेवटचा ‘न्’ यांचीही तिथे वेगळी गणना होते. या एककाला जपानीत ‘ओन’ म्हणतात. मराठी वाचकाला ते समजायला फारसे अवघड नाही, कारण अक्षरगणवृत्त आणि मात्रावृत्त यांतला भेद आपण शाळेच्या व्याकरणातच शिकलेलो असतो, आणि ओन हे मात्रेच्या जवळचे आहे, अक्षराच्या नव्हे. इंग्रजी वाचकाकडे असे तयार परिमाण नव्हते. त्यामुळे हायकू या छोट्या जपानी कवितेच्या तीन भागांतले ५-७-५ ओन इंग्रजीत ५-७-५ अक्षरे झाले, आणि इंग्रजी हायकूच्या इतिहासातील निम्मे वाद या एका रूपांतरातून निघाले. उरलेले निम्मे वाद हायकू म्हणजे निसर्गाची आणि झेन या बौद्ध ध्यानपंथाची कविता आहे, या समजुतीतून आले. दोन्ही समजुती सर्वस्वी चुकीच्या नव्हत्या, आणि म्हणूनच त्या दीर्घकाळ टिकल्या.

आज ज्याला हायकू म्हणतात ते जपानमध्ये मुळात स्वतंत्र काव्य नव्हते. अनेक कवींनी एकत्र बसून १७ आणि १४ ओनांची कडवी आळीपाळीने जोडत न्यायची, अशी ‘रेंगा’ नावाची साखळी-कविता होती. तिच्या थट्टेखोर, बोलभाषेला जवळच्या प्रकाराला ‘हाइकाइ’ म्हणत आणि साखळीच्या पहिल्या कडव्याला ‘होक्कू’. बैठक कोणत्या ऋतूत भरली आहे हे होक्कूत सूचित करण्याचा शिष्टाचार होता. शिवाय त्याच्या आधी काहीच नसल्यामुळे ते कडवे स्वतःच्या पायांवर उभे राहावे लागे, म्हणून ‘या’, ‘काना’, ‘केरी’ यांसारखे छेद देणारे शब्द, म्हणजे ‘किरेजी’, त्यात येत. ऋतुसूचक शब्द आणि छेद ही हायकूची दोन ठळक लक्षणे अशी बैठकीच्या गरजेतून आलेली आहेत. बाशो (१६४४–१६९४), बुसोन (१७१६–१७८४) आणि इस्सा (१७६३–१८२८) यांनी आपण हायकू लिहितो असे म्हटले नाही. होक्कूला साखळीपासून तोडून ‘हायकू’ हे नाव रूढ केले ते मासाओका शिकी (१८६७–१९०२) यांनी, १८९०च्या दशकात. शिकींवर पाश्चात्त्य चित्रकलेतील प्रत्यक्ष पाहून रेखाटण्याच्या रीतीचा प्रभाव होता आणि कवितेतही त्यांनी तोच आग्रह धरला. म्हणजे इंग्रजी वाचकांना पुढे जे अस्सल पौर्वात्य वाटले, त्या वस्तुनिष्ठ निसर्गचित्रणात युरोपचा वाटा आधीच मिसळलेला होता.

सेन्र्यू ही हायकूच्याच लांबीची, पण माणसांच्या गमतींवरची कविता; तिचा उगमही हाइकाइतच आहे. परीक्षकाने १४ ओनांची एक ओळ द्यायची आणि स्पर्धकांनी तिला १७ ओनांचे कडवे जोडायचे, असा समस्यापूर्तीचा खेळ एदो शहरात, म्हणजे आजच्या तोक्योत, अठराव्या शतकात फार लोकप्रिय झाला होता. या खेळाचे सर्वांत नावाजलेले परीक्षक काराइ हाचिएमोन (१७१८–१७९०) यांचे टोपणनाव ‘सेन्र्यू’ होते, ज्याचा अर्थ नदीकाठचा वाळुंज. त्यांनी निवडलेल्या कडव्यांचा ‘यानागिदारु’ हा संग्रह १७६५पासून निघू लागला, त्यात दिलेली ओळ गाळून केवळ उत्तराची कडवी छापली गेली, आणि ती स्वतंत्रपणे वाचली जाऊ लागली. व्यापारी, सामुराई, सासवा-सुना, वैद्य, दारूबाज असे सगळे त्यांत येतात. ऋतूचा शब्द लागत नाही, किरेजी लागत नाही, कवीचे नाव तर बहुधा नसतेच. कवीऐवजी परीक्षकाच्या नावाने ओळखला जाणारा दुसरा काव्यप्रकार मला तरी ठाऊक नाही.

इंग्रजीत या कवितांचा प्रवेश विद्वानांच्या हातून झाला. विल्यम अ‍ॅस्टन यांचा जपानी साहित्याचा इतिहास १८९९मध्ये प्रसिद्ध झाला आणि १९०२मध्ये बॅझिल हॉल चेंबरलेन यांनी बाशोवर दीर्घ निबंध लिहिला. त्याच्या शीर्षकातच त्यांनी या कवितेला ‘एपिग्रॅम’ म्हटले. ग्रीक-लॅटिन वाङ्मयावर पोसलेल्या इंग्रजी वाचकाला चुटकेवजा सूक्तीचा हा साचा परिचित होता, पण त्यात हायकूचे मौन हरवत होते. १९०४मध्ये अमेरिकेत राहिलेले जपानी कवी योने नोगुची यांनी अमेरिकन कवींना होक्कू लिहून पाहण्याचे आवाहन केले. तमिळ कवी सुब्रह्मण्य भारती यांनी १९१६मध्ये ‘स्वदेशमित्रन’मध्ये जपानी कवितेवर जे लिहिले, त्याला निमित्त झाला तो नोगुचींचा इंग्रजी लेखच.

कवींवर या प्रकाराचा खरा परिणाम झाला तो लंडनमध्ये. अमेरिकन कवी एझरा पाउंड यांची पॅरिसच्या मेट्रो स्थानकावरची दोन ओळींची कविता शिकागोच्या ‘पोएट्री’ मासिकात एप्रिल १९१३मध्ये छापली गेली. ला कोंकोर्द स्थानकावर एकामागून एक सुंदर चेहरे दिसल्यावर आपण आधी ३० ओळींची कविता लिहिली, ती फाडून टाकली, सहा महिन्यांनी तिच्या निम्म्या लांबीची लिहिली आणि आणखी वर्षभराने होक्कूसारखे एक वाक्य हाती आले, अशी हकीकत पाउंड यांनी १९१४मध्ये सांगितली. गर्दीतले चेहरे आणि ओल्या काळ्या फांदीवरच्या पाकळ्या ही दोन चित्रे ‘सारखे’, ‘जणू’ असे काहीही न म्हणता त्यांनी शेजारी ठेवली. एका कल्पनेवर दुसरी कल्पना ठेवण्याच्या या तंत्राचे श्रेय त्यांनी जपानी कवितेला दिले. अक्षरे मोजण्याच्या फंदात ते पडले नाहीत, आणि किरेजीचे कार्य इंग्रजीत कसे साधावे याचा पहिला समाधानकारक प्रयोग त्यांच्या हातून झाला, असे मला वाटते. पण नेमक्या प्रतिमांवर भर देणाऱ्या पाउंड यांच्या प्रतिमावादी चळवळीचा भर ओसरल्यावर इंग्रजी कवितेने हायकूकडे तीसेक वर्षे फारसे लक्ष दिले नाही.

ते लक्ष पुन्हा वेधले दोन माणसांनी, आणि त्यांची गाठ पडण्याचा प्रसंगही विलक्षण होता. रेजिनाल्ड होरेस ब्लाइथ (१८९८–१९६४) हे इंग्लंडमधील एसेक्सचे. पहिल्या महायुद्धात लढायला नकार दिल्यामुळे त्यांना तुरुंगवास झाला; पुढे ते कोरियात आणि नंतर जपानमध्ये इंग्रजी शिकवू लागले. दुसऱ्या महायुद्धात शत्रुराष्ट्राचे नागरिक म्हणून जपानने त्यांना कोबे येथे स्थानबद्ध केले, आणि त्या काळातही त्यांचे लेखन चालू राहिले. युद्ध संपल्यावर ते राजघराण्यातील मुलांच्या विद्यालयात शिकवू लागले आणि युवराज अकिहितोंचे शिक्षक झाले. दुसरे हॅरल्ड हेंडरसन, अमेरिकन सैन्याच्या कब्जाकाळातील अधिकारी. आपण दैवी नसल्याचे जे निवेदन सम्राट हिरोहितोंनी १ जानेवारी १९४६ रोजी प्रसिद्ध केले, त्याच्या पूर्वतयारीत या दोघांचा हात होता. इंग्रजी हायकूचे दोन प्रमुख शिल्पकार राजकारणाच्या अशा नाजूक कामात एकमेकांसमोर बसले होते, ही गोष्ट हायकूच्या पुस्तकांत बहुधा तळटीपेपुरती येते.

ब्लाइथ यांचा ‘हायकू’ हा चार खंडांचा ग्रंथ १९४९ ते १९५२ या काळात तोक्योहून प्रसिद्ध झाला. पहिला खंड पार्श्वभूमीचा आणि पुढचे ऋतूंप्रमाणे लावलेले, अशी त्याची रचना होती. मूळ जपानी, सुबक भाषांतर आणि वर्ड्‌स्वर्थपासून झेन गुरूंपर्यंत कुणालाही साक्षीला बोलावणारे भाष्य, असा तो थाट होता. हायकू हा ज्ञानप्राप्तीचाच एक मार्ग आहे, या त्यांच्या श्रद्धेने इंग्रजी वाचकांच्या दोन पिढ्या घडल्या. त्याच १९४९मध्ये त्यांनी सेन्र्यूवरही स्वतंत्र पुस्तक काढले आणि पुढे त्या विषयावर लिहीतच राहिले, पण वाचकांनी उचलले ते झेनचे खंड. कॅलिफोर्नियातील बर्कलेत अमेरिकन कवी ॲलन गिन्सबर्ग आणि गॅरी स्नायडर यांनी ते वाचले. अमेरिकन लेखक जॅक केरुआक यांनी अक्षरांची मोजदाद इंग्रजीला लागू नाही, असे सांगत आपल्या पद्धतीने तीन-तीन ओळी लिहिल्या. कृष्णवर्णीय कादंबरीकार रिचर्ड राइट यांनी पॅरिसमध्ये, आजारपणात, आयुष्याच्या अखेरच्या दीड वर्षात सुमारे ४,००० हायकू लिहिले. ब्लाइथ यांचे खंड त्यांनी एका तरुण दक्षिण आफ्रिकी कवीकडून उसने घेतले होते. राइट १९६०मध्ये गेले. त्यांनी निवडलेले ८१७ हायकू पुस्तकरूपाने यायला १९९८ उजाडले.

हेंडरसन यांची वाट वेगळी होती. त्यांचे हायकूची ओळख करून देणारे पुस्तक १९५८मध्ये आले आणि ते सर्वदूर पोहोचले. त्यांच्या भाषांतरांत पहिल्या आणि तिसऱ्या ओळीला यमक असे. जपानी हायकूत यमक नसते, पण यमकाविना तीन ओळी इंग्रजी कानाला अपुऱ्या वाटतील, अशी त्यांची धारणा होती. मूळ जपानी कविता तर सहसा एकाच उभ्या ओळीत छापतात, तेव्हा तीन ओळींची मांडणी हीदेखील भाषांतरकारांचीच देणगी म्हणायला हवी.

१९६३मध्ये अमेरिकेतील विस्कॉन्सिन राज्यातल्या प्लॅटव्हिल येथून ‘अमेरिकन हायकू’ हे केवळ इंग्रजी हायकूला वाहिलेले पहिले नियतकालिक निघाले. १९६४मध्ये जपान एअरलाइन्सने नभोवाणी केंद्रांच्या मदतीने घेतलेल्या स्पर्धेत सुमारे ४१,००० हायकू आले. पहिले बक्षीस मिळाले ते जेम्स हॅकेट यांच्या, गारठलेल्या सकाळी मान नसल्यासारख्या एकत्र बसलेल्या चिमण्यांच्या तीन ओळींना. १९६८मध्ये हेंडरसन आणि लेरॉय कँटरमन यांनी न्यूयॉर्कमध्ये ‘हायकू सोसायटी ऑफ अमेरिका’ स्थापन केली, पुढच्याच वर्षी ‘मॉडर्न हायकू’ हे नियतकालिक सुरू झाले आणि १९७८मध्ये सोसायटीचे ‘फ्रॉगपाँड’. ब्रिटनमध्ये अशी संस्था उभी राहायला १९९० उजाडले.

याच काळात शाळांमधून ५-७-५ हा बोटांवर मोजण्याचा खेळ बनला, आणि गंभीरपणे लिहिणारे कवी मात्र त्यापासून दूर गेले. कारण साधे आहे. इंग्रजीत ‘स्ट्रेंग्थ्स’सारखा व्यंजनांनी लगडलेला शब्द एकच अक्षर ठरतो, १७ इंग्रजी अक्षरांत जपानी हायकूच्या मानाने बरेच जास्त सामान मावते, आणि आकडा भरण्यासाठी विशेषणे घालावी लागली की कविता सैल पडते. १२ अक्षरांच्या आसपासची रचना मूळ लांबीला अधिक जवळची, असे मत हळूहळू स्थिरावले. कॉर व्हान डेन ह्यूव्हेल यांनी तर कोऱ्या पानाच्या मध्यभागी ‘टंड्रा’ एवढा एकच शब्द छापला. तो हायकू आहे की नाही यावर मी कधी हो म्हणतो, कधी नाही. पण त्या कोऱ्या पानाशिवाय तो शब्द काहीच नाही, हे खरे.

झेनच्या समजुतीला धक्का बसायला आणखी वेळ लागला. अनुभवाच्या त्याच क्षणी, डोळ्यांसमोर घडले तेवढेच लिहावे, हा इंग्रजी हायकूचा जणू आचारधर्म झाला होता. कोलंबिया विद्यापीठातील जपानी साहित्याचे अभ्यासक हारुओ शिराने यांनी २०००मध्ये ‘मॉडर्न हायकू’त लिहून दाखवले की बाशो आपल्या कविता पुनःपुन्हा बदलत असे, त्यांत जुन्या काव्याचे संदर्भ गुंफत असे, आणि बुसोनची कितीतरी कविता सरळसरळ कल्पनेतली होती. शयनगृहात मृत पत्नीची फणी पायाखाली आली आणि थंडी अंगात शिरली, असा बुसोनचा प्रसिद्ध होक्कू आहे. तो लिहिला तेव्हा त्याची पत्नी हयात होती, आणि ती त्याच्या मागेही पुष्कळ वर्षे जगली.

मराठीत हायकू रुजवण्याचे श्रेय शिरीष पै (१९२९–२०१७) यांना दिले जाते, आणि त्यांच्यापर्यंत जपानी हायकू पोहोचले ते इंग्रजी भाषांतरांच्या वाटेने. त्यामुळे निसर्गाचा उत्कट क्षण आणि तीन ओळी ही इंग्रजीत घडलेली प्रतिमा आपल्याकडे जशीच्या तशी आली. अक्षरगणनेचे बंधन मात्र मराठीने मानले नाही; तीनपैकी दोन ओळींना यमक देण्याची रीत पडली, जी हेंडरसन यांच्या भाषांतरांची आठवण करून देते. सेन्र्यू हा शब्द मराठीत त्या मानाने अजून नवखाच आहे. भारतात थेट इंग्रजीतून हायकू लिहिणारेही आता थोडे नाहीत. चंदीगडच्या दिवंगत नेत्रशल्यविशारद अंजली देवधर आणि पुण्याच्या कला रमेश यांची नावे या क्षेत्रात देशाबाहेरही परिचित आहेत.

इंग्रजीत हायकू आणि सेन्र्यू यांच्यातील सीमारेषा आखली ती व्याख्यांनी. हायकू सोसायटी ऑफ अमेरिकाने १९७३मध्ये व्याख्या ठरवल्या आणि २००४मध्ये त्या सुधारल्या. त्यांचा सारांश असा की हायकूत निसर्ग किंवा ऋतू असतो आणि सेन्र्यूत मानवी स्वभावाच्या गमती असतात. जपानीतली ऋतुशब्द आणि किरेजी ही तांत्रिक लक्षणे इंग्रजीला नसल्यामुळे विषयावरूनच भेद करावा लागला, पण मग इस्साचे काय करायचे, ज्याच्या कवितेत माश्या, बेडूक आणि गरिबी एकाच दमात येतात? अनेक संपादक आज दोन्ही प्रकार कुठलेही लेबल न लावता एकत्र छापतात. सेन्र्यूचा नमुना म्हणून इंग्रजीत ज्या कडव्याकडे नेहमी बोट दाखवले जाते, त्यात चोराला पकडून पाहावे तर तो आपलाच मुलगा निघतो. हेच कडवे, चोरासाठी वापरलेल्या शब्दापुरते निराळे, सोळाव्या शतकातील ‘इनु त्सुकुबा’ या हाइकाइ संग्रहात आहे. तिथे ते ‘कापावेसे वाटते, न कापावेसेही वाटते’ या ओळीला दिलेले उत्तर आहे, आणि सेन्र्यू या टोपणनावाचा माणूस जन्माला यायला तेव्हा जवळजवळ दोनशे वर्षांचा अवकाश होता.